उजवीकडून डावीकडे

लेकीने पसंत केलेला मुलगा ग्रीक होता. ओमानमधल्या सूर गावी बोटींच्या कंपनीत इंजिनीअर. त्याची आई आम्हाला भेटायला म्हणून मस्कतला आली आणि ही बाई काहीतरी लपवते आहे, हे मी पहिल्याच संध्याकाळी ठरवून टाकलं.

लेकीने आधीच सांगितलं होतं, "मम्मा, तू नो म्हणालीस तर मी नाही करणार. पण प्लीज, प्रॉपर बघ हां." बाई परत जायच्या आत मला हो की नाही ते सांगायचं होतं. आणि नीट बघायला मला कोणी शिकवायची गरज नव्हती. मी एका हॉटेलात हाउसकीपिंग सांभाळते, माणसं बघण्यातच माझा जन्म गेला.

ग्रीक म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढे शाळेच्या पुस्तकातला सिकंदर. सरळ नाक, कुरळे केस, दगडात कोरल्यासारखा चेहरा. ही बाई ठेंगणी, सावळी, अंगात फुलाफुलांचा झगा. वसईच्या बाजारात टोपली घेऊन बसली असती तर मी खुशाल तिच्याशी घासाघीस केली असती. मी नवऱ्याला कोपराने ढोसलं. तो म्हणाला, "गुपचूप जेव."

आम्ही रुवीतल्या एका तुर्की हॉटेलात बसलो होतो. वेटरने "टर्किश कॉफी?" असं विचारलं, तर बाईने ठणकावून सांगितलं, "ग्रीक कॉफी." तो हसला आणि होती तीच कॉफी घेऊन आला. इथवर ठीक. पण निघताना ती भट्टीपाशी थांबली आणि रोटी भाजणाऱ्या म्हाताऱ्याशी चक्क तुर्कीत बोलायला लागली. दोन-चार शब्द नव्हेत, चांगल्या गप्पा. हसून झालं, हातवारे झाले, एकदा तर तिने डोळेही पुसले.

"तुझी आई तुर्की आहे का?" मी मुलाला विचारलं.

तो गोरामोरा झाला. "नाही, नाही, आम्ही ग्रीकच. लाँग स्टोरी आहे, आंटी."

'लाँग स्टोरी' सांगणाऱ्या पाहुण्याच्या बॅगेत आमच्या हॉटेलचे टॉवेल सापडतात, हा माझा अनुभव आहे.

आम्ही वसईचे ख्रिस्ती; इथे सुट्टी शुक्रवारची, म्हणून आमचा रविवारही शुक्रवारी येतो. मी बाईला मुद्दाम चर्चमध्ये मिस्सेला घेऊन गेले. तिने क्रूसाची खूण केली आणि मी प्रार्थना विसरले. कपाळ, छाती, मग उजवा खांदा, मग डावा! आमच्यात नुकतं बोलायला लागलेलं पोरही आधी डाव्या खांद्याला हात लावतं. मला वाटलं, चुकली असेल. पुढच्या वेळी पुन्हा तेच, उजवीकडून डावीकडे.

"त्यांच्यात तशी पद्धत असेल," नवरा कुजबुजला.

"कोणाच्यात? तेच तर कळायला हवं!" काल तुर्की, आज उलटा क्रूस. मला पटवायला घाईघाईने शिकून आली असणार, आणि तेही अर्धवट. माझी एकुलती एक मुलगी मी अशा घरात देणार नव्हते.

मिस्सेनंतर सगळे दार्सैतला आमच्या घरी जेवायला. मी फुगे, म्हणजे आमचे मैद्याचे गोल पाव, तळले होते, कोंबडीचा रस्सा होता. जेवणाआधी बाईने पुन्हा तीच उलटी खूण केली. मी पळी खाली ठेवली आणि इंग्रजीत सरळ विचारलं, "तुम्ही नक्की कोण आहात?"

"मम्मा!" लेक ओरडली.

बाई रागावली नाही. म्हणाली, "सगळे आमच्या चेहऱ्यात पुतळे शोधतात. माझ्यात सापडत नाहीत, ठाऊक आहे मला." मग तिने आजीचं सांगितलं. आजी तुर्कस्तानातल्या एका गावातली. घराण्यात कित्येक पिढ्या ख्रिस्ती, पण घरात, शेतात, चर्चमध्येही भाषा तुर्कीच. पुढे ग्रीस आणि तुर्कस्तान, दोन्ही सरकारांनी माणसांची अदलाबदल केली तेव्हा भाषा कोणी विचारलीच नाही. ख्रिस्ती आहेस ना, मग तू ग्रीक, चल ग्रीसला. तिकडे तुर्कांनी काफर म्हणून हाकललं, इकडे ग्रीकांनी तुर्काचं बी म्हणून शिव्या घातल्या. आजीला ग्रीकचा एक शब्द येत नव्हता. चर्चमध्ये ती तुर्कीत पुटपुटली की बायका तिला गप्प करायच्या.

"मग ती नुसती हात फिरवायची," बाई म्हणाली. "आमच्या ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये खूण अशीच करतात. तोंड उघडलं की परकी, पण हात उचलला की आमची. तुर्की मला तिनेच शिकवली, आणि हेही, आधी हात, मग तोंड."

मी तिच्याकडे रोखून बघत होते. खोटंच बोलायचं तर इतकं अडचणीचं खोटं कोणी रचत नाही.

"आता मी विचारते," ती म्हणाली आणि माझ्या गळ्यातल्या पोतीकडे बोट दाखवलं. "असेच काळे मणी तुमच्या शेजारणीच्याही गळ्यात आहेत. ती कृष्णाच्या देवळात जाते, तुम्ही चर्चमध्ये. तुम्ही नक्की कोण आहात?"

म्हणजे ही बाईही आल्या दिवसापासून माझ्यावर नजर ठेवून होती!

मला संताप आला, कारण हा प्रश्न मला नवा नव्हता. इथल्या मराठी कार्यक्रमांत बायका मला म्हणतात, "किती छान मराठी बोलता हो तुम्ही!" जणू मी लिस्बनहून क्लास लावून आले आहे. मग नजर गळ्यावर येते. "अय्या, तुमच्यातही मंगळसूत्र घालतात?"

"माझ्या आईने घातली, तिच्या आईने घातली," मी फणकाऱ्याने म्हणाले. "पोर्तुगीज आले, देव बदलला, आडनावं बदलली. पोत कोणाच्या बापाला काढता आली नाही."

बाईने फुगा तोडता तोडता थोडा विचार केला. "मग माझ्या मुलाने तुमच्या मुलीला हे बांधायचं का?"

मी लेकीकडे बघितलं. तिला पोत आवडत नाही. खाली मान घालून ती मराठीत म्हणाली, "मम्मा, पण सगळे विचारतात ना गं. मग मी काय सांगू?"

बाईला शब्द कळले नव्हते, पण सूर कळला असावा. "काय म्हणते?"

"लोक विचारतील म्हणते."

"विचारतीलच," बाई म्हणाली. "आपल्याला विचारतातच."

त्या 'आपल्याला'पाशी मी अडकले. ताट पुढे ओढून मी तिला आणखी दोन फुगे वाढले.

"पोत इथल्या सोनाराकडे नाही मिळायची," मी लेकीला म्हणाले. "वसईलाच करून घ्यावी लागेल. विहीणबाईंना विचार, लग्न कधी धरायचं."