उशिरा येणारं व्हायोलिन

जपानमधल्या पहिल्यावहिल्या कंट्री संगीत वादकांवर आमच्या कंपनीने टीव्हीसाठी कार्यक्रम करायचा ठरवला, तेव्हा मला हसूच आलं. पुण्यात ख्याल ऐकत वाढलेली मी टोकियोजवळच्या ग्योतोकुहून रोज योकोहामाच्या स्टुडिओत जाऊन अमेरिकन गुराख्यांची गाणी धूत बसणार! धुणं म्हणजे जुन्या टेपमधली खरखर काढायची, वेडंवाकडं वाजलेलं सरळ करायचं. या कामात माझा हात धरणारं कोणी नाही, असं मी तरी मानते.

युद्धानंतर अमेरिकन छावण्यांत वाजवणाऱ्या एका बँडमधले एकच आजोबा आता उरलेत, नव्वदी ओलांडलेले. त्यांच्याकडे बँडची एकुलती एक टेप होती. तिच्यात त्यांचा मोठा भाऊ व्हायोलिन वाजवतो. तो जाऊन बरीच वर्षं झाली. आजोबांची मागणी एवढीच होती, की दादाबरोबर एकदा स्टील गिटार वाजवू द्या. मी टेपमधली त्यांची गिटार पुसून जागा मोकळी केली. दादा दर कडव्याला किंचित उशिरा यायचा, त्यालाही ओढून तालात बसवला.

रेकॉर्डिंगला आजोबा दर कडव्यावर चुकायला लागले. पुन्हा केलं, पुन्हा चुकले. दिग्दर्शक कमरेत वाकून म्हणाला, "फार छान झालं." त्या सुरात म्हटलेल्या 'फार छान'चा इथे एकच अर्थ होतो: आता पुरे. मग माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाला, "हात यांचेच दाखवू. वाजवायला दुसरं कोणीतरी बोलावू."

आजोबांना काही सांगावं लागलं नाही. ते फडक्याने गिटार पुसायला लागले. मला वाईट वाटलं, त्याहून जास्त राग आला, आणि कोणाचा ते कळेना.

मग लक्षात आलं, की ते चुकत होते ते फक्त व्हायोलिन येतं तिथेच. दर वेळी तेवढंच मागे पडत होते. दिग्दर्शकाला न विचारता मी दादाचं मूळ, उशिराचं व्हायोलिन लावलं आणि म्हटलं, "आजोबा, आणखी एकदा वाजवता का?"

कडवं आलं. आजोबांची बोटं तारेवर थांबली. व्हायोलिन आलं, आणि दोघे बरोबर निघाले. दिग्दर्शक खाली बसला.

शेवटी आजोबांनी हेडफोन काढला आणि नेहमीसारखी मान लववली. "मघाशी माफ करा, गोंधळलो. दादा वेळेवर आला. असं कधीच झालं नव्हतं."