आज कोणता गेम सांभाळायचा?

एकही गेम न खेळता सर्वात जास्त गेम बाळगणारा माणूस पृथ्वीच्या पाठीवर कोण, असं मला कुणी विचारलं तर मी डोळे मिटून सानपाड्याकडे बोट दाखवीन. तिथे एका सोसायटीच्या चौथ्या मजल्यावर आमचे साडू राहतात. म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. बायको त्यांना दाजी म्हणते म्हणून मीही दाजीच म्हणतो, आणि ते मला, माझ्या लग्नाला इतकी वर्षं होऊन डोक्यावरचे केस विरळ झाले तरी, अजून 'पाव्हणं' म्हणतात. मूळचे साताऱ्याकडचे. ऐरोलीच्या एका कंपनीत खरेदी खात्यात आहेत. दिसायला असे, की बँकेत नुसते उभे राहिले तरी लोक त्यांना स्लिप कुठे मिळते ते विचारतात. अशा माणसाच्या बेडरूममध्ये, गोदरेजच्या नव्हे पण तसल्याच एका दणकट कपाटाशेजारी, पोटात निळे-जांभळे दिवे जळणारा कॉम्प्युटर असेल आणि त्यात ड्रॅगन, तलवारी, रणगाडे नि रेसच्या गाड्या ठासून भरलेल्या असतील, असं कुणाच्या बापाला वाटणार नाही.

मग खेळत नाहीत तर दाजी करतात काय? तर मॉड टाकतात. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो, कारण मलाही हे दाजींनी माझे पोहे थंड होईपर्यंत समजावलं तेव्हाच कळलं. गेम जसा विकत मिळतो तसा तो पुष्कळांना पुरत नाही. मग जगभरातले हौशी लोक त्यात घालायला काहीबाही तयार करून फुकट वाटत असतात. कुणी घोड्याला नवं खोगीर करतो, कुणी आभाळाचा रंग बदलतो, कुणी राक्षसाला मिशा लावतो. या फेरफारांना मॉड म्हणायचं. आणि ही सगळी वरात ओळीत ठेवणारं जे सॉफ्टवेअर, तो मॉड मॅनेजर. दाजी त्याला 'मुकादम' म्हणतात. मुकादम उघडला की तो आधी कॉम्प्युटर धुंडाळून तुमच्याकडे कोणकोणते गेम आहेत ते शोधतो, त्यांची चित्रं ओळीने मांडतो आणि विचारतो, आज कोणता गेम सांभाळायचा? बस्स. या एका प्रश्नावर दाजींचा अख्खा रविवार जातो.

त्यातला शोधण्याचा भाग म्हणजे तर घरात एक व्रतच असतं. मुकादम गेम शोधत असताना कुणी मिक्सर लावायचा नाही, गीझर लावायचा नाही, आणि शक्यतो दाजींशी बोलायचंही नाही. ते हात मांडीवर ठेवून पडद्याकडे बघत बसतात, दहावीचा निकाल लागताना आईबाप बसतात तसे. एकेक गेम सापडला की "आला", "हा बी आला", असं पुटपुटतात. पण निम्मे गेम मुकादमाला कधीच सापडत नाहीत, आणि त्याचं कारण खुद्द दाजी आहेत. ताईंना, म्हणजे माझ्या मेहुणीला, गेमचा पसारा दिसू नये म्हणून त्यांनी एकेक गेम भलत्याच नावाच्या फोल्डरात दडवून ठेवलाय. घोडेस्वारांचा गेम 'वीजबिलं' मध्ये, विमानांचा 'गॅस बुकिंग' मध्ये. आता मुकादम बिचारा वीजबिलात घोडे शोधायला कशाला जाईल? मग दाजींना एकेकाची जागा हाताने दाखवावी लागते, आणि ती त्यांनाही आठवत नसते. एकदा ताईंना सोसायटीच्या मीटिंगसाठी गाड्यांची यादी हवी होती. त्यांनी 'पार्किंग' नावाचा फोल्डर उघडला, आत दिसेल त्यावर क्लिक केलं, आणि पडदाभर एक हिरवा, दात विचकणारा राक्षस गर्जना करत उभा राहिला. ताई जरासुद्धा दचकल्या नाहीत. तिथूनच ओरडून त्यांनी विचारलं, "अहो, हा कुठल्या विंगमधला?"

गेम निवडणं त्याहून अवघड. सगळी चित्रं समोर आली की दाजींचा जीव खालीवर होतो. मागच्या रविवारी रणगाडेवाल्याला वेळ दिला, मग या रविवारी मोटारींवर अन्याय नको. मोटारी घ्याव्यात तर ड्रॅगनवाला महिनाभर तसाच पडलाय. खरेदी खात्यातला माणूस, त्यामुळे कुठलाही निर्णय तुलना केल्याशिवाय घ्यायचा नाही ही सवय हाडात भिनलेली. एवढंच नाही, तर मुकादम जे गेम सांभाळू शकतो पण दाजींकडे नाहीत, त्यांचीही एक लांबलचक यादी खाली असते. ती ते वधूवर मंडळाचं पुस्तक वाचावं तशी मन लावून वाचतात. मधेच नसलेल्याच गेमवर क्लिक करून बघतात. मुकादम सांगतो, हा गेम तुमच्याकडे सापडला नाही. दाजींना ते फार लागतं. दिवसभर घुम्यासारखे असतात.

बरं, गेम निवडून झाला की मॉडचे मानपान सुरू. कुठला मॉड आधी आणि कुठला नंतर यालाही म्हणे फार महत्त्व. क्रम चुकला की एक मॉड दुसऱ्याच्या डोक्यावर बसतो. दाजींनी साताऱ्याकडच्या लग्नांत पंगती वाढलेल्या, तेव्हा मामाला आत्याच्या आधी पाटावर बसवलं की काय होतं हे त्यांना कुणी सांगायला नको. ते तासन्‌तास मॉड वरखाली करत बसतात. "याला त्याच्या शेजारी नको, दोघांचं पटत न्हाई," असं मला गंभीरपणे सांगतात. शेवटी सगळ्यांपुढे हिरव्या टिकल्या लागल्या की खुर्चीत मागे रेलून सुस्कारा टाकतात, कॉम्प्युटर बंद करतात आणि कोथिंबीर आणायला जातात. गेम सुरू करायचं बटण तिथेच मोठ्ठं असतं. ते त्यांनी कधी दाबलेलं मी पाहिलं नाही. एकदा न राहवून विचारलंच. म्हणाले, "पाव्हणं, घर लावून झाल्याबिगर ऱ्हायला जातं का कोण?"

हे वेड पूर्वी एवढं नव्हतं. ते वाढलं आमची भाची सई नोकरीसाठी बंगळुरूला गेल्यापासून. सई म्हणजे दाजींची एकुलती एक. शाळेत असताना तिच्याकडे शेतीचा एक गेम होता. त्यात ट्रॅक्टर चालवायचा, पेरायचं, कापायचं, विकायचं. संध्याकाळी बापलेक जुन्या कॉम्प्युटरपुढे बसत. सई चालवायची आणि दाजी शेजारी शेंगदाणे खात तिला शेतीचे सल्ले द्यायचे, जे त्या परदेशी शेताला मुळीच लागू नसत. ती गेल्यावर तिचं टेबल रिकामं झालं, त्यावर हा दिवेवाला कॉम्प्युटर आला, आणि एक सोडून इतके गेम आले. माझी बायको म्हणते, दाजींना करमत नाही हो, दुसरं काय. आणि ते खरंच आहे.

मग गेल्या वर्षी कळलं की सईला कंपनी कॅनडाला पाठवतेय, आणि चांगली काही वर्षांसाठी. जायच्या आधी ती दोन दिवस घरी येणार होती. फोनवर ती सहज म्हणाली, "पप्पा, आले की आपण शेत खेळू हां एकदा." ती सहज म्हणाली, पण दाजींनी ते एखाद्या सरकारी आदेशासारखं घेतलं. त्या दिवसापासून बाकी सगळे गेम बंद. पोरगी परदेशी जाणार, तर जाताना तिला परदेशी शेत कशाला दाखवायचं? तिला आपलं शेत दाखवायचं. दाजींनी जगभर शोध घेतला. कुणा पंजाबातल्या माणसाने केलेली बैलजोडी मिळवली, रंगवलेल्या शिंगांची. कुठून तरी ऊस आणला, विहीर आणली, बांधावर बाभळी आणल्या. शेतकऱ्याच्या डोक्यावरची परदेशी हॅट काढून पांढरी टोपी घालणारा मॉड मिळाला त्या दिवशी तर त्यांनी मला ऑफिसात फोन केला. रोज घरी आले की मुकादम उघडायचे, काहीतरी शेतात टाकायचे, हिरवी टिकली बघायचे आणि जेवायला बसायचे. इतका आनंदी माणूस मी त्या महिन्यात नवी मुंबईत दुसरा पाहिला नाही.

सई आली. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तिला विमानतळावर जायचं होतं, म्हणून दुपारीच कार्यक्रम ठरला. दाजींनी आम्हाला "शेताची वास्तुशांत हाय, जोडीनं या" असं रीतसर आमंत्रण दिलं. आम्ही गेलो तर पडदा पुसून लख्ख केलेला, समोर दोन खुर्च्या, मागे आम्हा प्रेक्षकांसाठी पलंग. ताईंनी गुळपोळ्या केल्या होत्या. दाजींनी खाकरून घसा साफ केला आणि, मुकादमाला मधे न घेता, पडद्यावरच्या शेताच्या चित्रावर क्लिक करून आयुष्यात पहिल्यांदा गेम सुरू केला.

पडद्यावर एक हिरवंगार, गुळगुळीत, अस्सल परदेशी शेत उगवलं. लाल कौलांचं घर. काळ्यापांढऱ्या, लठ्ठ गाई. हॅट घातलेला एक गोरा शेतकरी. ना बैल, ना विहीर, ना बाभूळ. दाजी पडद्याच्या इतके जवळ गेले की त्यांचा चष्मा त्याला टेकला. "ऊस दिसंना," ते म्हणाले. मग स्वतःचीच समजूत घालत म्हणाले, की त्याला उगवायला वेळ लागतो, घाई करून चालत नाही.

सईने माउस घेतला, गेम बंद करून मुकादम उघडला आणि वरच्या कोपऱ्यात पाहिलं. तिथे निवडलेल्या गेमचं नाव असतं. ते शेताचं नव्हतं. ते तबकड्या आणि यानांच्या लढाईच्या गेमचं होतं. झालं असं होतं, की सईच्या त्या फोनच्या आदल्या रविवारी दाजींनी, वाईट वाटलं म्हणून, त्या यानवाल्याला वेळ दिला होता, आणि फोननंतर शेत निवडायचंच विसरून गेले. त्यानंतर आणलेली प्रत्येक वस्तू ते यानांच्या गेममध्ये टाकत होते. मुकादमाने दर वेळी विचारलंही होतं, की हे या गेमचं वाटत नाही, तरी टाकू का? पण खरेदी खात्यातला माणूस. हरकत आली की 'मंजूर' करून पुढे जायचं, हीच रीत.

सई हसू दाबत म्हणाली, "पप्पा, तुमचे बैल अंतराळात गेलेत."

"तिथं वैरण कोण घालतंय त्यांना?" ताईंनी मागून विचारलं.

आम्ही जे हसलो! माझी बायको तर गुळपोळी हातात धरून पलंगावर आडवी झाली. सईच्या डोळ्यांत पाणी आलं हसून हसून. एकटे दाजी हसले नाहीत. ते घाईघाईने यानांमधून बैल काढायला लागले, चुकीचंच काहीतरी दाबू लागले, मुकादम पुन्हा पहिल्यापासून गेम शोधायला लागला आणि त्याची ती गोल चकती फिरत राहिली. दाजी एकदा चकतीकडे बघत होते आणि एकदा भिंतीवरच्या घड्याळाकडे. त्यांच्या कानशिलावर घाम आला होता. तेव्हा मात्र आमचं हसू आपोआप थांबलं. महिनाभर ज्या एका दुपारची त्यांनी वाट पाहिली, ती अशी हातातून चालली होती. मला त्यांची फार दया आली.

सईने त्यांच्या हातावर हात ठेवला. "राहू दे ना पप्पा. आहे ते मस्त आहे. तुम्ही चालवा, चला."

दाजींनी माउस तिच्याकडे सरकवला. मग एवढ्या गेमांचा तो धनी खालच्या आवाजात म्हणाला, "मला न्हाई येत गं."

"मी आहे ना," ती म्हणाली.

आणि मग त्या परदेशी शेतात आमच्या दाजींनी ट्रॅक्टर चालवला. काय चालवला म्हणता! आधी कुंपण पाडलं, मग एका गाईला धडक दिली, मग विहिरीत घातला असता, पण विहीर अंतराळात होती म्हणून वाचला. सई शेजारी बसून शेंगदाणे खात त्यांना सांगत होती, हळू, आता वळवा, अहो ब्रेक. पुढेपुढे तिने माउस घेतला, मग पुन्हा त्यांनी, असं करत करत निम्मं शेत नांगरून झालं. दाजी लहान पोरासारखे हसत होते. खाली गाडी आल्याचा इंटरकॉम वाजला तेव्हा सईच चालवत होती. तिने ट्रॅक्टर होता तिथेच थांबवला, आईच्या आणि बापाच्या पाया पडली, आणि गेली.

त्यानंतर बऱ्याच दिवसांनी मी दाजींकडे गेलो. कॉम्प्युटर सुरू होता, मुकादम बंद होता. पडद्यावर तेच शेत होतं. निम्मं नांगरलेलं, निम्मं हिरवं, आणि मधोमध तो ट्रॅक्टर. दाजी त्यापुढे नुसते चहा पीत बसले होते. मला वाटलं, माणसाला जरा खुलवावं. म्हटलं, "दाजी, आता निवांत आहात, त्या यानांमधून बैल उतरवा की खाली. उरलेलं शेत नांगरून टाकू आपण."

दाजींनी मान हलवली. "नको पाव्हणं," ते म्हणाले. "बैल आणलं तर ट्रॅक्टर हलवाया लागंल. तिनं लावलाय, तितंच ऱ्हाऊ द्या."