हात लावायची परवानगी

बर्लिनचा अनोळखी नंबर दिसला तेव्हा मी फोन उचललाच नाही. हल्ली असले फोन फसवणुकीचेच असतात. तिसऱ्यांदा वाजला तेव्हा नाइलाजाने घेतला, तर एका वयस्कर बाईने स्वतःचं नाव न सांगता विचारलं, की येना शहरात बेनेदितोच्या वरच्या मजल्यावर राहणारे भारतीय तुम्हीच का, आणि त्याच्या घराची जादा किल्ली तुमच्याकडेच असते ना. मनात शंकेची पाल चुकचुकली. मी उत्तर द्यायच्या आतच ती म्हणाली, "बेनेदितो आज सकाळी वारला. हृदयविकार. आम्ही रविवारी येतो. तोवर घरातल्या कशालाही हात लावू नका." खोटं कशाला सांगू, माणूस गेल्याचं दुःख व्हायच्या आधी मला त्या शेवटच्या वाक्याचा राग आला. आज पाच आठवड्यांनी हे लिहायला बसलोय, तरी तो राग पुरता गेलेला नाही.

बेनेदितो ब्राझीलमधल्या बाहियाचा, साठीला टेकलेला. त्याचे पूर्वज आफ्रिकेतून गुलाम म्हणून जहाजात कोंबून तिथे आणलेले. मी इथल्या एका संशोधन संस्थेत कॉम्प्युटरवर लेन्स डिझाइन करतो आणि तो तिथल्याच वर्कशॉपमध्ये त्या घासून, चकचकीत करून द्यायचा. ट्रामच्या थांब्यावर लोक आम्हा दोघांनाही "मूळचे कुठले?" असं विचारायचे, तेवढ्यावर आमची ओळख झाली. नऊ वर्षांपूर्वी पहिल्यांदा त्याच्या घरी गेलो तेव्हा खोलीच्या कोपऱ्यात पांढऱ्या कापडात गुंडाळलेले तीन उंच ढोल उभे होते. मी सहज हात पुढे केला आणि त्याने माझं मनगट धरलं. "बिटं निश्ट आनफासन." कृपया हात लावू नका.

कुणा दुसऱ्याला हे वाक्य म्युझियममधल्या पाटीसारखं वाटलं असतं. माझे आजोबा यवतमाळकडच्या एका गावात गावकीचं डफडं वाजवायचे. गावाला डफडं हवं असायचं, आजोबा नको असायचे. जत्रेत डफड्याचा आवाज गाभाऱ्यापर्यंत जायचा आणि आजोबा पायरीखाली उभे असायचे. धम्मदीक्षा घेतली त्या वर्षी त्यांनी ते फोडून चुलीत घातलं आणि आमच्या घरात पुन्हा कधी चामडं वाजलं नाही. त्या घरचा नातू एवढा शिकून येनाला येतो आणि इथेही त्याला कोणीतरी सांगतं, हात लावू नको... डोकं सणकलं होतं. दुसऱ्या दिवशी बेनेदितो मुद्दाम माझ्या टेबलाशी आला आणि म्हणाला, घासलेल्या लेन्सला तूही उघडा हात लावू देत नाहीस ना? मी म्हटलं, लेन्सवर बोटाचा ठसा उमटतो, तो दिसतो, ढोलावर काय उमटतं? "गेनाऊ," अगदी बरोबर, तो हसून म्हणाला, "ते दिसत नाही."

ढोलांना नावं होती. त्यांना वर्षातून एकदा रक्ता-तेलाचा नैवेद्य देऊन जेवू घालायचं असतं, आणि दीक्षा न घेतलेल्याने त्यांना शिवायचं नसतं. प्रत्येक दैवताचा ठेका वेगळा, तो नेमका पडला की दैवत नाचणाऱ्याच्या अंगात येतं. बर्लिनला त्याच्या पंथाची मंडळी होती, तिथे तो महिन्यातून एकदा वाजवायला जायचा. तो हे सगळं ट्रामचं वेळापत्रक सांगावं तसं सांगायचा आणि मला, अंगात येणं घराबाहेर टाकलेल्या माणसाला, त्याच्याविषयी आणखीच संशय यायचा. एकदा त्याने विचारलं, तुमच्या लोकांत ढोल नव्हते का? मी म्हटलं, नव्हते.

मग माझी मुलगी मित्रा बारा वर्षांची झाली आणि दर शनिवारी दुपारी त्याच्याकडे खाली जायला लागली. काय करता विचारलं की उत्तर जर्मनमध्ये, "फक्त ऱ्हिदम, पप्पा." एका शनिवारी मी न सांगता खाली गेलो. ती जमिनीवर बसून लाकडी पाटावर ठेका धरून एक गाणं म्हणत होती. अर्थ विचारला तर तिला माहीत नव्हता. बेनेदितो म्हणाला, पूर्ण अर्थ मलाही येत नाही, आजीच्या आजीने जहाजातून तेवढंच आणलं होतं. मी त्याला सुनावलं, की अर्थ न कळणारे शब्द पोरांच्या तोंडी घालणं म्हणजे बुवाबाजी. वर विचारलं, की मग ही ते ढोल वाजवणार का? तो खाली बघत म्हणाला की नाही, आमच्यात बायका ते वाजवत नाहीत. "म्हणजे तुमच्यातही कोणीतरी पायरीखाली आहेच," मी म्हणालो. जिना चढताना मला आठवलं, की मित्रा रोज त्रिशरण पालीत म्हणते आणि त्याचाही अर्थ तिला सांगता येत नाही. तरीही मी तिचं जाणं बंद केलं.

त्या हिवाळ्यात तळघरातून घासण्याचा, ठोकण्याचा आवाज यायला लागला. आपल्या पंथाची खोली करतोय तळघरात, असं मी मनाशी ठरवूनच टाकलं आणि घरांचं बघणाऱ्या ऑफिसला बिननावी पत्र लिहिलं, की दुपारच्या रुहेत्साइटमध्ये, म्हणजे शांततेच्या वेळेत, तळघरात त्रास होतो. आठवड्याने बेनेदितो त्यांची नोटीस घेऊन माझ्याच दारात उभा. "कोणी लिहिलं असेल?" मी म्हटलं, असतात असे लोक. त्याने माझ्याकडे जरा जास्तच वेळ पाहिलं... "हो," म्हणाला, "असतात." ती आमची शेवटची धड भेट.

फोनवर सांगितल्याप्रमाणे रविवारी पांढऱ्या कपड्यांतली चार माणसं आली. फोनवरची बाई त्यांची आई, म्हणजे पंथाची प्रमुख. तिने जमिनीवर कवड्या टाकल्या. एकेक वस्तू पुढे ठेवायची आणि कौल घ्यायचा, ही राहणार की त्याच्याबरोबर जाणार. त्याचा कप फुटला, माळा तुटल्या, ढोल बर्लिनला निघाले. काही गोष्टी गावातल्या झाले नावाच्या नदीत सोडायच्या म्हटल्यावर मी विचारलं, याची परवानगी आहे का? ती म्हणाली, फक्त पानं आणि सूत आहे, घाबरू नका. मग तिने तळघरातून एक ठेंगणा ढोल आणवला, नवाकोरा. त्यावर कवड्या टाकल्याच नाहीत. "हा कधी जेवलेला नाही. यात कोणी नाही. हा तुमच्यासाठी आहे." ढोलाला वर्कशॉपची चिठ्ठी बांधलेली होती, सरावाच्या लेन्सच्या ट्रेवर लावतात तसली. बेनेदितोच्या अक्षरात लिहिलं होतं: "हात लावायला परवानगी. मित्रासाठी आणि तिच्या पप्पांसाठी."

घरी आणून मी तो टॉर्च लावून आतून बाहेरून तपासला. रक्ताचा, तेलाचा डाग कुठे आहे का, वास येतो का. नुसत्या लाकडाचा वास. तळघरातला आवाज याचाच होता. मित्राला विचारलं, यात माझं नाव कशाला? तिने मराठीत सांगितलं, आणि ती मराठीत बोलते तेव्हा गंभीर असते. "मी त्यांना पणजोबांच्या डफड्याचं सांगितलं होतं. तू मला सांगितलंस ना, तेच सगळं."

म्हणजे मी खोटं बोललो हे त्याला माहीत होतं. पत्राचंही माहीत असेल का? नऊ वर्षं मी त्याच्यावर संशय घेतला आणि आता तो मला माझ्यावरच संशय घ्यायला लावून गेलाय. मला त्याची फार आठवण येते, हे मी त्याला कधी सांगितलं नसतं.

ढोल बैठकीच्या खोलीत खिडकीपाशी आहे. मित्रा शाळेतून आली की वाजवते. रविवारी मी साफसफाई करतो, खिडकी पुसतो, भोवतालची जमीन पुसतो, ढोलापाशी आलो की फडकं थांबतं. चिठ्ठी अजून तशीच बांधलेली आहे आणि माझ्या हाताला अजून ती वाचता येत नाही.