हद्दीचा दगड मीच फोडला

शेजारच्या वावराच्या मालकानं माझा अंगठा धरला, शाईच्या डबीवर दाबला आन् पंचनाम्यावर उमटवला. मी सातवी पास. सही येती म्हणून दोनदा सांगितलं. वावर मोजायला आलेला सरकारी मोजणीदार खाटेवर बसून ऐकत होता. खाट मालकाची, मोजणीदाराच्या पोटातलं जेवणबी मालकाचंच. मालक म्हणाला,

"तुझ्या बापाचं आयुष्य अंगठ्यावर गेलं. तुला सहीचं काय कौतिक गं?"

चारी पंच हसले. त्यातला एक आमच्या बौद्धवाड्यातला. त्याचा राग मला मालकापेक्षा जास्त आला.

पंचनाम्यात लिहिलं होतं, जागेवर हद्दीची खूण न्हाई, अर्जदार बाईला चालू वहिवाट कबूल हाय. म्हंजे आमच्या दोन एकरातला मालकानं नांगरून गिळलेला पट्टा मीच त्याला देऊन टाकला. आमची हीर त्याच पट्ट्यात. हिरीबिगर वावर म्हंजे नुसती ढेकळं.

खूण का न्हवती ते सांगते. लाज वाटती, तरी सांगते.

मोठ्या दुष्काळात सडकेसाठी खडी फोडायचं काम निघालं. शेजारचा हाच मालक तिथं मुकादम. ढीग भरला न्हाई तर हजेरी न्हाई, हजेरी न्हाई तर सरकारकडनं खायला मिळणारी सुकडी न्हाई. एका दिवशी दगड संपले. मालक आईला म्हणाला, तुमच्या बांधाच्या टोकाला चांगला काळा दगड हाय की, आणा तोच. बाप तापानं पडलेला. आईनं आन् मी पहारीनं दगड उकरला, लोळवत नेला. घण आईचा, हातोडा माझा. दुपारपर्यंत त्याची खडी झाली. सुकडी मिळाली, मी बोटं चाटून खाल्ली.

आम्ही हद्दीचाच दगड फोडतोय, ते त्याला पक्कं ठावं होतं. आम्हाला भुकेपुढं कायबी दिसलं न्हाई. पुढच्या पेरणीपासून त्याचा नांगर दर साली हातभर आत. बाप गेला, वावर माझ्या नावावर आलं, तवर नांगर हिरीच्या पार गेला होता. म्हणून मी मोजणी मागितली, तर हा असा अंगठा.

त्या दिवशी राखेनं बोट घासलं, सोलून निघालं. लई रडले. मंग औशाच्या कोर्टात दावा लावला.

जुना नकाशा पायजे होता. लातूर नुकताच नवा जिल्हा झालेला. लातूरवाले म्हणत, कागद उस्मानाबादेत. उस्मानाबादवाले म्हणत, गठ्ठे लातूरला गेले. आठ खेपा मारल्या. नवव्या खेपेला कारकून वैतागला, म्हणाला जा आत, शोध तूच. शोधला. वाचता येतं मला.

साक्षीच्या आधी माझ्या वकिलानं बजावलं, दगड कुणी काढला ठावं न्हाई म्हण. मालकाच्या वकिलानं नेमकं तेच इचारलं. मालक बाकड्यावर पायावर पाय टाकून बसलेला. मी ठावं न्हाई म्हणले असते, तर तो साफ सुटला असता.

"दगड मी फोडला साहेब. सुकडीसाठी. ह्यांनी फोडायला लावला."

मालकाचा पाय खाली आला. जज्जसाहेबांनी नकाशावरून नव्यानं मोजणीचा हुकूम केला. माझे वकील मातर कपाळाला हात लावून बसले.

बाहेर मालक आडवा आला. पहिल्यांदा मला बाई म्हणाला. हीर तू घे बाई, बाकीचा पट्टा सोड, दावा मागं घे. गावात राहायचंय ना तुला? हीर म्हणल्यावर माझं मन डळमळलं, खोटं कशाला बोलू.

"गावात राहायचंय म्हणूनच सोडत न्हाई."

तो थुंकला आन् गेला. दुसऱ्या दिवशी आमच्या वावराच्या वाटेवर बाभळीचे काटे पडले. आता मी वढ्यातनं फेऱ्यानं जाते. मोजणी अजून व्हायची हाय. तिथंबी तो खाट टाकंल, जेवण घालंल. घालू दे. पुन्हा अर्ज करीन. हरले तर लातूरला वरच्या कोर्टात जाईन. पण माझ्या वावरातली एक वीतबी त्याच्याकडं राहू देणार न्हाई.