पाय उशिरा पडला

आगारात त्याला सगळे कासव म्हणत. घाई असेल तर पायी जा, वेळ घालवायचा असेल तर कासवाच्या बसमध्ये बसा, असं कंडक्टर प्रवाशांना बजावायचा आणि हा पुढे बसून गालातल्या गालात हसायचा. एकोणीस वर्षांत त्याच्या बसने कुणाच्या सायकललाही खरचटलं नव्हतं. आणि त्याच माणसाच्या चाकाखाली भर दुपारी, मोकळ्या रस्त्यावर, एक बाई आली.

चौकशी झाली. वेग कमी होता, ब्रेक ठीक होते. साहेबांनी त्याला निर्दोष ठरवून पुन्हा गाडीवर बसवलं, पण त्याचं मन काही त्याला निर्दोष ठरवेना. नेमकं काय झालं ते त्याला आठवतच नव्हतं. थांब्याचा खांब आठवे, बसलेला धक्का आठवे; मधलं सगळं कोरं.

सहा महिन्यांनी त्या बाईचा नवरा दारात उभा राहिला. बाइंडर होता, पुस्तकं बांधायचा. बोटांना कायम खळ चिकटलेली. भांडायला आला असेल म्हणून कासवाची बायको आडवी गेली, पण तो म्हणाला, माणूस कसा आहे ते बघायला आलोय, वहिनी. चहा घेऊन गेला. मग पुन्हा आला. पुढे दर रविवारी यायला लागला, पण वाढलेलं कधी पुरतं खाल्लं नाही. दोघं बुद्धिबळाचा पट मांडून बसत. दोघेही कच्चे खेळाडू, त्यामुळे डाव लांबत. अकरा वर्षं हे चाललं, आणि त्या बाईचा विषय दोघांनीही कधी काढला नाही.

मग शहरात क्षणघर निघालं. जुन्या टपाल कचेरीच्या वरच्या मजल्यावर दोन खोल्या, एक खुर्ची, डोक्यावर तारांची टोपी. त्या खुर्चीत बसलं की माणसाची जाणीव त्याच्याच आयुष्यातल्या एखाद्या क्षणाला नेऊन जोडत. तिथे काही बदलता येत नसे, बोटही हलवता येत नसे. फक्त तेव्हा डोळ्यांनी पाहिलेलं आणि मनाने टाकून दिलेलं सगळं पुन्हा दिसे. ज्याचा क्षण त्यालाच दिसे, दुसऱ्याला नाही. कुणी बाळाचं पहिलं रडू ऐकायला जाई, कुणी गेलेल्या आईची हाक.

एका रविवारी बाइंडरने घोडा उचलला आणि हातातच धरून ठेवला.

"तिला शेवटचं तुम्हीच पाहिलंत," तो म्हणाला. "तुम्ही जाऊन बघा आणि मला सांगा."

या माणसाला कासव नाही कुठल्या तोंडाने म्हणणार?

क्षणघरातल्या परिचारिकेने टोपीचे पट्टे आवळले. चार सेकंदच मिळतील, डोळे मिटा, म्हणाली. त्याने डोळे मिटले आणि हातात स्टिअरिंग आलं. काचेवर ऊन होतं. थांब्याच्या खांबाशी ती उभी होती. हातातली पिशवी तिने खाली ठेवली, कलंडू नये म्हणून खांबाला नीट टेकवली. मग मान वर करून काचेतून सरळ त्याच्याकडे पाहिलं. बस थांबवणाऱ्या माणसाची नजर नव्हती ती. तुम्हाला उगाच त्रास, असं म्हणावं तशी होती. त्याला काही उमजायच्या आत त्याच्या पायाला उमजलं. पाय ब्रेकवर पडला आणि त्यानंतर ती फुटपाथवरून खाली उतरली. अंतर उरलंच नव्हतं.

तो शुद्धीवर आल्यावर परिचारिकेने पाण्याचा पेला पुढे केला, तो त्याने तसाच बाजूला ठेवला. आपली चूक नव्हती हे आता त्याला पक्कं ठाऊक झालं होतं, आणि तरी जराही हलकं वाटत नव्हतं.

बाहेर बाकावर बाइंडर बसला होता. दिसली का, त्याने विचारलं. दिसल्या, हा म्हणाला. मग बाइंडर खाली मान घालून बोलत राहिला. रस्ता मोकळा, गाडी सावकाश, आणि ती तर दोनदा बघितल्याशिवाय रस्ता ओलांडायची नाही. मग हे झालं कसं? अपघाताच्या आदल्या दिवशी तो तिला नको ते बोलला होता. घरातून चालती हो, म्हणाला होता. इतक्या वर्षांत हे त्याने कुणाजवळही काढलं नव्हतं.

"तिने मुद्दाम..." एवढंच म्हणून तो थांबला.

कासवाने त्याच्या हातांकडे पाहिलं. बोटांवरची खळ तो नखाने खरवडत होता.

"छे. त्यांचं लक्षच नव्हतं," तो म्हणाला. "कसल्या तरी विचारात होत्या, चेहरा हसरा होता. माझाच पाय उशिरा पडला."

"उशिरा म्हणजे?"

"वेळ होता. मी दुसरीकडे बघत होतो."

बाइंडर उठला आणि मागे न बघता जिना उतरून गेला.

घरी आल्यावर कासवाने बायकोला खरं ते सगळं सांगितलं. ती भडकली. इतकी वर्षं जिवाला खात होतात, आता सुटलात तर स्वतःच्या हाताने पुन्हा फास लावून घेतलात, म्हणाली. तो जेवणावरून उठला.

रविवारी कुणी आलं नाही. महिनाभरात बाइंडरने गिऱ्हाइकांसमोर तोंड सोडलं, ते आगारापर्यंत पोचलं. चहाच्या टपरीवर कासव आला की लोक बाकावरून उठायला लागले. शेवटी त्याने स्वतःच अर्ज करून गाडी सोडली आणि तिकिटांच्या खिडकीत जाऊन बसला.

बायकोला ते सोसवेना. एके दिवशी त्याला न सांगता ती बाइंडरच्या दुकानी गेली, खरं काय ते तोंडावर सांगायचं ठरवून. संध्याकाळी परतली आणि पायरीवरच बसली.

"सांगितलंस?" त्याने विचारलं.

"नाही. तो जेवत होता. कुणाशी तरी हसत बोलत होता."

"पोटभर जेवत होता?"

"हो."

कासव तिच्या शेजारी बसला.