सरांची अमेरिका, चितेगावमार्गे

आमच्या शेजारच्या सरांइतका अमेरिका ओळखणारा आणि स्वतःचा जिल्हा न ओळखणारा माणूस अख्ख्या मराठवाड्यात नसेल. मी सहसा मोजल्याशिवाय बोलत नाही, पण इथं मोजायची गरज नाही. सर इतिहासाचे निवृत्त प्राध्यापक. अमेरिकेला कधी गेले नाहीत. पण तिथल्या गिरणी कामगारांनी देव आणि संप एकत्र कसे सांभाळले, यावर बारा वर्षं मराठीत ग्रंथ लिहीत आहेत. तिथलं कोणतं चर्च कोणत्या वळणावर, हे त्यांना पाठ. मात्र पिशोरच्या लग्नाला निघालेले सर भलत्याच रस्त्यावरच्या करमाडला उतरले आणि तिथल्याच एका मांडवात जेवून, आहेर देऊन परत आले. "नवरी जरा अनोळखी वाटली," एवढंच म्हणाले. दूधवाल्यानं दोन दिवस दांडी मारली तर रागावत नाहीत, "मागण्या काय आहेत तुमच्या?" असं आस्थेनं विचारतात.

गेल्या वर्षी प्रकाशकानं हस्तलिखित परत पाठवलं. इथं हे वाचणार कोण, असा सवाल. सरांनी लिहिणंच थांबवलं. मला ते पाहवेना. मी चितेगावला कारखान्यात कामाला आहे. आमच्याकडच्या कामगार बायकांचं भजनी मंडळ दर शनिवारी शिफ्ट सुटल्यावर मारुतीच्या देवळात जमतं. सरांना स्कूटरवर घालून तिथं नेलं. तेवीस बाया होत्या. संपकऱ्यांनी चर्चमधल्या चालींवर स्वतःचे शब्द कसे बसवले, ते प्रकरण सरांनी वाचलं.

"अगं बाई, लई आपल्यावानीच हाय की!" टाळ धरलेल्या मावशी म्हणाल्या. "मग, जिंकले का सर?"

सरांना खोटं बोलता येत नाही. "हरले."

"हरले तं हरले. पण पुढच्या आठवड्याला गायला जमले का नाय?"

सरांनी कागद चाळले, चष्मा काढला. "हे मी पाहिलंच नाही," म्हणाले. वाचन तिथंच थांबवून कागद पिशवीत कोंबले. उरलीसुरली उमेदही मीच घालवली, असं वाटलं.

दहाव्या दिवशी सकाळी मी दाढी करत असताना सर थेट घरात. "जमले होते हो! सबंध हिवाळाभर! चर्चच्या वहीत नोंद आहे, मीच ती किरकोळ समजून ओलांडत होतो."

"मग प्रकाशकाला कळवायचं?"

"त्याला राहू द्या. शनिवारी मावशींना सांगायचंय. सोडाल ना?"

आता दर शनिवारी बाया एक प्रश्न विचारतात आणि ग्रंथ एका प्रकरणानं लांबतो. सरांचं वय अठ्ठ्याहत्तर. हे गणित मी मुद्दामच मांडत नाही. शनिवारी स्कूटर तेवढी वेळेवर काढतो.