आत्याला एक जीव हवा आहे

आमच्या घरात भूत कोणी मानत नाही. त्यामुळे वारलेल्या आत्याने पहिल्यांदा जीव मागितला, तेव्हा आम्ही घाबरलो वगैरे नाही. फक्त हातातला घास हातातच राहिला!

वर्षावास (विहारात प्रवचनं, व्याख्यानं होतात ते पावसाळ्याचे तीन महिने) चालू होता. त्या दिवसांत आमच्या मळवलीत धुकं असं उतरतं की भर दुपारी अंगणातली तगर दिसत नाही, आणि बोलणारा माणूस दिसायच्या आधी त्याचा आवाज येतो. तर अशा दुपारी मी आणि सुजाता (माझी बायको, आणि घरातला खरा मेंदू) जेवायला बसलो होतो. माझा फोन किणकिणला. पडद्यावर लिहिलं होतं :

‘सुंदराबाईंना एक जीव हवा आहे. तुम्ही देणार का?’

खाली दोन बटणं. ‘देतो’ आणि ‘थोड्या वेळाने’.

‘नाही’ हे बटणच नव्हतं!

“कोण सुंदराबाई?” सुजाताने विचारलं.

“आपली आत्या.”

“अरे, त्या तर उन्हाळ्यात...”

“हो.”

सुंदरआत्या म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण. अनेक वर्षं मुंबईवाल्यांचा एक बंगला सांभाळायची. मालक वर्षातून दोनदा यायचे. बाकीचे दिवस तो बंगला, ती आणि धुकं. त्या एकांतात तिला फोनवरच्या एका खेळाचा नाद लागला. रंगीत फुलं जुळवायची, मग बाग फुलते. चुकलं की एक जीव जातो. सगळे जीव संपले की ओळखीच्या लोकांकडे मागायचे. त्यासाठी तिने तो खेळ आमच्याही फोनवर घ्यायला लावला होता. पुढे ती आमच्याकडे राहायला आली, कडेच्या खोलीत, आणि बागही घेऊन आली. ती गेल्यावर आम्ही खोलीला कुलूप लावून टाकलं.

तिच्या खात्यावरचा फोटो तिनेच फोन हनुवटीखाली धरून काढलेला. त्यामुळे ती विहिरीत वाकून बघतेय आणि विहिरीत आपण आहोत, असं वाटायचं. आता तोच चेहरा माझ्या पडद्यावर वाकून जीव मागत होता.

मी ‘थोड्या वेळाने’ दाबलं. खेळ शब्दाचा पक्का निघाला. थोड्या वेळाने पुन्हा आला.

त्यातून त्या खेळाचं मराठी कुठल्याशा यंत्राने केलेलं. यंत्राला काय ठाऊक कोण जिवंत आणि कोण नाही! एके दिवशी आलं, ‘सुंदराबाई तुमची वाट बघत आहेत.’ मग, ‘तुम्ही कुठे आहात? बागेत सगळे जमले आहेत.’ (सगळे म्हणजे कोण कोण, हे विचारायची माझी छाती नव्हती.) सुजाताच्या फोनवर तर सकाळी सकाळी आलं, ‘सुंदराबाईंनी तुमच्या दारात एक फूल ठेवले आहे.’

सुजाताने दार उघडलं. उंबऱ्यावर तगरीचं पांढरं फूल!

आता तगर दारातच आहे. फुलं रोज पडतात. पण त्या दिवशी ते पडलेलं नव्हतं हो, ठेवलेलं होतं. देठ घराकडे!

“कोणीतरी खातं हॅक केलंय,” मी शास्त्रीय खुलासा केला. मी सोमाटण्याच्या एका शाळेत विज्ञान शिकवतो.

“मग तो पैसे मागेल ना? जीव कशाला मागतोय?”

ह्यावर विज्ञान उठून चहा ठेवायला गेलं.

एक मात्र आम्ही ठरवलं. आईला कळू द्यायचं नाही. आई आणि आत्या, नणंद-भावजय, आयुष्यभर भांडल्या आणि आयुष्यभर एकमेकींशिवाय जेवल्या नाहीत. आत्या गेल्यापासून आई दुपारी कुठेतरी गप्प बसून असायची. हे ऐकून तिला धक्का बसला असता. म्हणून ती आली की आम्ही फोन उशीखाली सारायचो आणि पावसाबद्दल बोलायचो. शेवटी ती म्हणालीच, “काय रं, तुमाला पावसाबिगर दुसरं काय सुचंना व्हय?”

आणि मग एका दुपारी कडेच्या बंद खोलीतून आवाज आला. आधी बारीक घंट्या. मग एक हसू. लहान मूल गुळण्या करताना हसावं, तसं.

मी सुजाताकडे बघितलं. सुजाताने माझ्याकडे बघितलं.

“उंदीर,” ती म्हणाली.

“उंदीरच,” मी म्हणालो. (मावळातले उंदीर गातात, असं मी अजून कुठल्या पुस्तकात वाचलेलं नाही.)

उघडून बघायला काय हरकत होती? हरकत तत्त्वाची होती! बघायला गेलो असतो, तर शंका आहे असं झालं असतं. आम्ही तर्काने चालणारी माणसं. म्हणून आम्ही त्या दाराकडे न बघता तर्काने स्वयंपाकघरात गेलो आणि आतून कडी लावली.

त्याच रविवारी विहारात माझं व्याख्यान होतं. विषय : ‘भूत : एक भ्रम’. (विषय मीच दोन महिन्यांपूर्वी दिला होता. तेव्हा आत्या जीव मागत नव्हती.) फोन जोडून भिंतीवर चित्रं दाखवायची सोय होती. बाहेर धुकं, आत अंधार, भिंतीवर मी आणलेला सांगाड्याचा फोटो. मंडळी रंगली होती. मी आवाज चढवून म्हणालो, “मेलेला माणूस परत येत नाही! आला असेल, तर मला दाखवा!”

किण्!

भिंतीभर आत्याचा चेहरा उमटला, खाली वाकून बघणारा. आणि त्याखाली हातभर अक्षरांत :

‘सावधान! सुंदराबाई तुमच्या अगदी मागे आहेत.’

(खेळात कोण कोणाच्या पुढे आहे, त्याबद्दल होतं ते. हे मला नंतर कळलं.) सबंध विहाराने माझ्या मागे बघितलं. आत्याला तिथे सगळेच ओळखत होते. पुढच्या रांगेतली एक मावशी तर सवयीने सरकून बसली आणि म्हणाली, “बस की गं, सुंदरे.”

मी फोनवर झडप घातली. सूचना बंद करायच्या, बस्स! पडदा विचारायला लागला. ‘सूचना थांबवायच्या आहेत का?’ होय! ‘तुम्हाला बाग सोडून जायचे आहे का?’ होय, बाबा! ‘जाण्यापूर्वी सर्व मित्रांना कळवू का?’ होय, होय, होय! भिंतीवर सगळं गाव वाचत होतं. मी फोन बंदच करून टाकला, “धन्यवाद” म्हणालो आणि मागच्या दाराने बाहेर पडलो.

घरी जायची लाज वाटली. सुजाता विहारात जेवणाच्या पंगतीला थांबली होती. मी स्कूटर काढली आणि लोणावळ्याला जाऊन दरीच्या कठड्यापाशी उभा राहिलो. दरी दिसत नव्हती. शंभरएक पर्यटक न दिसणाऱ्या दरीकडे पाठ करून स्वतःचे फोटो काढत होते. भूक लागली तेव्हा परतलो.

दुपार कलली होती. आमच्या गल्लीत धुक्याने नुसता कापूस केला होता. स्कूटर ढकलत फाटकापाशी आलो, तर समोरून एक पांढरी आकृती. पांढरा सदरा, पांढरी टोपी, हातात पांढरी फुलं. आमचे शेजारी बाळूभाऊ! त्यांचं भाताचं खाचर आमच्या खाचराला लागूनच.

“बाळूभाऊ,” मी म्हणालो, “कुणाकडे निघालात?”

बाळूभाऊंनी मला पाहिलं. फुलं खाली पडली. मग बाळूभाऊ खाली पडले.

“मिलिंदा! मला न्हाई रं! मला न्हाई न्यायचं!” ते चिखलात हात जोडून बसले. “बांदाचा दगूड मीच सरकवला हुता! उद्याच्याला मागं घेतो. आईची आण!”

“कुठला दगड?”

“दोन्ही दगूड!”

मी त्यांना उठवायला हात पुढे केला. ते बसल्या बसल्या मागे सरकले. “गार हाय का हात?” त्यांनी विचारलं.

“अहो, पावसात स्कूटर चालवून आलोय, गारच असणार!”

हे उत्तर चुकलं. ते पुन्हा ओरडले.

शेवटी त्यांनी फोन पुढे केला. पडद्यावर माझा फोटो. (शाळेच्या ओळखपत्रावरचा. तो पहिल्यापासूनच दहाव्याच्या कार्यक्रमातल्यासारखा आहे.) भोवती पांढऱ्या फुलांची चौकट, खाली लुकलुकणारा दिवा, आणि मजकूर :

‘मिलिंद यांचे सर्व जीव संपले आहेत. ते आता बागेत विश्रांती घेत आहेत. फुले पाठवा.’

मी सर्व मित्रांना कळवलं होतं!

खाली ओळीने श्रद्धांजल्या. ‘अजूनही विश्वास बसत नाही.’ ‘काल तर कामशेतच्या बाजारात भेटला होता.’ ‘चांगला माणूस, जरा जास्त बोलायचा.’ आमच्या मुख्याध्यापकांनी ‘शाळेची कधीही न भरून निघणारी हानी’ असं लिहून लगेच खाली विचारलं होतं, ‘उद्याचे तास कोण घेणार?’ आणि गावातल्या गटात तर कारणसुद्धा पोचलं होतं. आत्यानं जीव मागितला, ह्यानं दिला न्हाई, म्हणून तिनं भर विहारातून मागं लागून नेला!

“म्हणजे तू न्हाई मेला?” बाळूभाऊंनी विचारलं. चेहऱ्यावर आनंद होता, पण दगड आठवून तो जरा मावळला.

मी उत्तर देणार, एवढ्यात कडेच्या खोलीतून घंट्या वाजल्या. मग ते हसू.

बाळूभाऊंनी मला मिठी मारली. मीही मारली. पाच मिनिटांपूर्वी ज्याला भूत समजलं, त्यालाच बिलगायची पाळी आली होती बिचाऱ्यावर! खोलीला कुलूप नव्हतं. दार अर्धवट उघडं होतं आणि आत निळसर उजेड हलत होता. मी पाऊल टाकलं, म्हणजे बाळूभाऊंनी ढकललं.

आत्याच्या खाटेवर, आत्याची शाल डोक्यावरून घेऊन, कोणीतरी बसलं होतं. निळा चेहरा वाकलेला.

“आत्या...” मी म्हणालो. (हो, म्हणालो. बाळूभाऊ साक्षीला आहेत.)

चेहरा वर झाला. “आला व्हय? किती हाका घालाव्या मान्सानं! एक जीव दीना कुनी!”

आई होती.

मी तिच्या पायाशी बसलोच.

“आई, हे तू करतेस? कधीपासून?”

“तवापासनंच.” आईने फोन पदराने पुसला. “दवाखान्यात वन्संनी माजा हात धरला. म्हनल्या, शांते, माज्या बागेला पानी घालत जा. मी घरी येऊन बघितलं, तर म्होरं एक तगार. तिला तर पाऊसच पानी घालतोय. म्हनलं, ह्यांची बाग हाय तरी कंची? मंग कुलूप काढून ह्यो फोन उघाडला.” तिने पडदा माझ्याकडे वळवला. “वाळाया लागलीवती रं समदी फुलं. आता बघ.”

पडद्यावर केवढीतरी बाग फुललेली होती. कारंजं उडत होतं. कोपऱ्यात एक छोटी बाई हसत होती, गुळण्या करत.

“आन जीव संपले की हितं तुमचं फोटू येत्यात, त्ये मला आत्ता पावसात उमगलं. मी दाबायची. तुमी दोगं तर घरातच, म्हनलं देतील. पर फोन उशीखाली घालून पावसाचं बोलत बसता!”

“तुला कळू नये म्हणून, आई!”

“मला कळू नये म्हनून माजंच मला दीना?”

बाळूभाऊ दारातच डोळे पुसत होते. माझ्या मरणाची बातमी ऐकून हा माणूस एवढा रडला नव्हता.

तेवढ्यात फाटक आपटलं. विहारातल्या बायकांचा घोळका घेऊन सुजाता धावत आली. मी दिसल्याबरोबर तिने माझ्या पाठीत एक रट्टा घातला. “फोन बंद कशाला ठेवलास? लोक मला विचारतायत, अंत्यविधी किती वाजता!” मग ती रडली, मग हसली, मग माझा फोन तिने ओढून घेतला. चहाला आधण येईपर्यंत तिने काम संपवलं. त्या खेळाला दिलेली परवानगी काढली, सूचना बंद केल्या, आमंत्रणं अडवली, माझ्या निधनाची बातमी पुसली.

“एवढंच?” मी म्हणालो.

“एवढंच. वाचून दाबायचं असतं.”

आईचा खेळ तसाच राहू दिला. जीव लागला तर तिने स्वयंपाकघरात येऊन तोंडी मागायचा, असं ठरलं.

आता मी जिवंत असल्याचं जगाला कळवणं भाग होतं. संध्याकाळी, आई माझ्यासमोर भाकरी थापत असताना, मी गावाच्या गटात लिहिलं, ‘मी मिलिंद, सुखरूप आहे. अफवांवर विश्वास ठेवू नका.’ श्रद्धांजलीला सगळा मावळ लोटला होता. ह्या बातमीकडे कोणी ढुंकून बघेना. बऱ्याच वेळाने एकच अंगठा उमटला.

सुंदरआत्याचा!

मी आईकडे पाहिलं. दोन्ही हात मनगटापर्यंत पिठात. आत्याचा फोन कडेच्या खोलीत, चार्जिंगला.

ह्याला काहीतरी शास्त्रीय कारण असणार आणि विज्ञानाचा शिक्षक म्हणून मी ते शोधून काढणारच आहे. तूर्तास मी दिवा चालू ठेवून झोपतो. सुजाताने विचारलं, तर सांगतो की उजेडात डास कमी येतात.